कातडीचा रंग आणि छापखान्याची शाई

१९६३च्या मे महिन्यात मार्व्हल कंपनीनं ‘सार्जंट फ्युरी’ नावाचं युद्धाचं कॉमिक काढलं. दुसऱ्या महायुद्धात लढणारी अमेरिकी सैनिकांची टोळी, त्यात एक ज्यू, एक इटालियन वंशाचा, असे सगळे नमुने, आणि बिगुल वाजवणारा गेब जोन्स. गेब कृष्णवर्णीय. जॅक कर्बीनं त्याला तसाच काढला होता, स्टॅन लीनं तसाच लिहिला होता. अंक छापून आला तेव्हा गेब गोरा निघाला. रंगाच्या पट्ट्या, म्हणजे प्रत्येक शाईचे वेगळे छापे, तयार करणाऱ्या बाहेरच्या कंपनीतल्या लोकांना वाटलं, सूचना लिहिताना कुणाची तरी चूक झाली असणार. मग लीला त्यांना मुद्दाम चिठ्ठी पाठवावी लागली, की बाबांनो, हा माणूस काळाच आहे, आम्ही ठरवून केलंय.

सुपरहिरो कॉमिक्समधल्या वैविध्याचा वाद आता आपल्याकडेही होतो. बहुतेक वेळा एखादा सिनेमा आल्यावर, आणि बहुतेक वेळा तावातावानं. एक बाजू म्हणते, आमच्यासारखं कुणीतरी दिसायला हवं. दुसरी म्हणते, उगाच घुसडताय. दोघांचंही लक्ष चेहऱ्यावर. गेबच्या गोष्टीत मात्र लेखक राजी होता, चित्रकार राजी होता, तरी चेहरा वाचकापर्यंत पोचला नाही. मधे शाई होती, पट्ट्या बनवणारे हात होते आणि त्या हातांची सवय होती. म्हणून मला वाटतं, चेहरा कोणाचा हे विचारतानाच तो कागदावर येतो कसा, दुकानात पोचतो कसा आणि त्याची मालकी कोणाकडे असते, हेही बघावं. बरंचसं कोडं तिथं आहे.

शाईपासून सुरुवात करू. जुनी अमेरिकी कॉमिक्स वर्तमानपत्राच्या स्वस्त कागदावर छापली जात. रेघा काळ्या शाईत, आणि रंगांसाठी तीनच शाया: पिवळी, किरमिजी, निळी. प्रत्येकीच्या चार पायऱ्या. अजिबात नाही, २५ टक्के, ५० टक्के आणि भरगच्च. २५ टक्के म्हणजे शाई पातळ करायची असं नसे, बारीक ठिपके विरळ छापायचे. चार पायऱ्यांचे तीन रंग, म्हणजे हिशेबानं ६४ छटा. अख्खं विश्व एवढ्यात बसवायचं. रंग देणारा कलाकार चित्राच्या छोट्या प्रतीवर रंग भरून बाजूला खुणा लिहायचा, आणि त्या खुणा वाचून दुसरीच माणसं पट्ट्या तयार करायची.

गोऱ्या त्वचेची खूण पाठ झालेली होती: २५ टक्के पिवळा, २५ टक्के किरमिजी. दोनच शाया, विरळ ठिपके, स्वच्छ गुलाबीसर चेहरा. तपकिरी त्वचेसाठी तिसरी, निळी शाई त्यात घालावी लागे. तीन शायांचे ठिपके खरबरीत कागदावर एकावर एक पडले आणि यंत्रात कागद केसभर सरकला, की चेहऱ्याचा चिखल व्हायचा. कधी राखाडी, कधी जांभळट. चिनी-जपानी माणसांची तर युद्धकाळातल्या अंकांत सरळ पिवळ्यात बुडवून काढल्यासारखी गत. ‘कातडीचा रंग’ एवढंच म्हटलं की छापखान्याला जो कळायचा तो गोरा. त्यासाठी कुणी बैठक घेऊन कट केला नव्हता. कामाची सोय तशी लागली होती, आणि लागलेली सोय मोडायला फार कष्ट पडतात.

जाता जाता, हल्क १९६२च्या पहिल्या अंकात राखाडी होता. तो राखाडी पानागणिक बदलायला लागला म्हणून दुसऱ्या अंकापासून हिरवा केला. राक्षसाचं तेवढं चालून जातं.

परक्यांनी घडवलेला घरचा हिरो

या धंद्याची सुरुवात कोणी केली ते बघितलं की आणखी एक गंमत दिसते. १९३८ साली ‘अॅक्शन कॉमिक्स’च्या पहिल्या अंकात सुपरमॅन आला. तो जेरी सीगल आणि जो शूस्टर या क्लीव्हलँडच्या दोन पोरांनी घडवला. दोघंही परदेशातून आलेल्या ज्यू कुटुंबांतले. त्यांचा नायक दुसऱ्या ग्रहावरून आलेला, मूळ नाव लपवून, चष्मा लावून, चारचौघांत खपून जाणारा. कर्बीचं खरं आडनाव कुर्ट्झबर्ग. स्टॅन लीचं लीबर. १९४१च्या मार्च महिन्याच्या अंकात कॅप्टन अमेरिकानं मुखपृष्ठावरच हिटलरच्या जबड्यावर ठोसा लगावला, तेव्हा अमेरिका युद्धात उतरलीसुद्धा नव्हती. तो ठोसा काढणारे जो सायमन आणि कर्बी, दोघेही ज्यू. पण ठोसा मारणारा निळ्या डोळ्यांचा, सोनेरी केसांचा स्टीव्ह रॉजर्स. ज्यांना स्वतःला पुरतं आत घेतलं गेलं नव्हतं, त्यांनी अगदी आतल्या माणसाचं चित्र काढलं आणि स्वतः नाव बदलून मागं राहिले.

इतरांच्या वाट्याला काय आलं? नोकर, वाटाड्या, विदूषक. विल आइसनरसारख्या थोर चित्रकाराच्या ‘स्पिरिट’मध्ये एबनी व्हाइट नावाचा काळा पोरगा आहे. जाड ओठ, बटबटीत डोळे, मोडकं बोलणं. चौकटींची रचना शिकावी तर आइसनरकडून, आणि त्याच चौकटीत हा पोरगा. दोन्ही गोष्टी एकाच हाताच्या.

त्या परंपरेतला एक जण मराठी वाचकाच्या घरात येऊन गेलाय. जादूगार मॅन्ड्रेकचा सोबती लोथार. इंद्रजाल कॉमिक्स १९६४ साली सुरू झाली, मराठीतही निघायची, आणि त्यातून मॅन्ड्रेक आणि वेताळ, म्हणजे मूळचा फँटम, घरोघरी पोचले. आमच्या गल्लीतल्या वाचनालयात ती दिवसाच्या भाड्यानं मिळायची. कव्हर फाटलेला, दोऱ्यानं शिवलेला अंक दिसला की तो वेताळाचा हे न बघता सांगता यायचं. जंगल, कवटीचं सिंहासन, त्यावर पिढ्यान् पिढ्या बसलेला गोरा माणूस आणि भोवती त्याला देव मानणारे बुटके आदिवासी. आम्हाला यातलं काहीही खटकलं नाही. खेळताना सगळे वेताळ व्हायचे, बुटका व्हायला कुणी तयार नसायचं. सावळी, काळी, उन्हात रापलेली पोरं आम्ही, आणि आमची निवड अशी.

लोथार १९३४ साली आला तो बिबट्याचं कातडं पांघरून, डोक्यावर लाल तुर्की टोपी घालून, तोडकंमोडकं बोलत. १९६५मध्ये चित्रकार बदलल्यावर त्याचे कपडे सुधारले, भाषाही सुधारली. वेताळाच्या बाबतीत तर खुद्द भारतीय संपादकांनी हात घातला. मूळ अमेरिकी चित्रपट्टीत त्याचा देश ‘बेंगाली’ आणि समुद्री चाचे ‘सिंग’. इंद्रजालमध्ये त्यांचं झालं डेंकाली आणि सिंगा. चित्रं तीच, राजाही तोच गोरा. नावं तेवढी अशी फिरवली, की हे आपल्याबद्दल चाललंय असं इथल्या वाचकाला वाटू नये. प्रतिनिधित्वाच्या प्रश्नावरचा हा आपला जुना तोडगा: पाटी बदलायची.

कागद, घाम आणि मुखवटा

मग काळ्या लोकांनी स्वतःच का नाही काढली कॉमिक्स? काढली की. फिलाडेल्फियाचे पत्रकार ऑरिन इव्हान्स यांनी १९४७ साली ‘ऑल-निग्रो कॉमिक्स’ काढलं. लिहिणारे, चित्रं काढणारे सगळे कृष्णवर्णीय, किंमत १५ सेंट, आणि त्यात ‘लायन मॅन’ नावाचा शास्त्रज्ञ नायक. एकच अंक निघाला. दुसऱ्याची तयारी झाली तेव्हा त्यांना छपाईचा कागद विकायला कुणी तयार होईना. ‘तुम्हाला हवं ते तुम्हीच काढा’ हा सल्ला आजही दिला जातो, तेव्हा मला हा न मिळालेला कागद आठवतो.

१९५४ साली अमेरिकेत कॉमिक्समुळे मुलं बिघडतात असा गदारोळ उठला. सिनेटच्या समितीपुढं सुनावण्या झाल्या, आणि सरकारी बडगा टाळायला प्रकाशकांनी स्वतःच नियमावली बनवली: कॉमिक्स कोड. तिच्या शिक्क्याशिवाय वितरक अंक उचलत नसत. त्या नियमावलीत एक कलम चक्क चांगलं होतं. कुठल्याही धर्माची किंवा वंशाची टिंगल चालणार नाही, असं. आता त्याचं पुढं काय झालं बघा.

ईसी कंपनीनं १९५३ साली एक अंतराळकथा छापली होती. पृथ्वीवरचा एक निरीक्षक यंत्रमानवांच्या ग्रहावर तपासणीला जातो. तिथं नारिंगी यंत्रमानव राज्य करतात आणि निळ्यांना वेगळ्या वस्तीत ठेवतात. आतली यंत्रणा दोघांची एकच, फरक वरच्या पत्र्याचा. गोष्टभर निरीक्षकाच्या डोक्यावर हेल्मेट आहे, चेहरा दिसत नाही. तो निकाल देतो की हा ग्रह अजून आपल्या प्रजासत्ताकात यायच्या लायकीचा नाही. यानात परतल्यावर, अगदी शेवटच्या चौकटीत, तो हेल्मेट काढतो. माणूस काळा आहे. कपाळावर घामाचे थेंब, आणि ते दूरच्या ताऱ्यांसारखे चमकतायत.

१९५६मध्ये ही गोष्ट पुन्हा छापायची ठरली आणि कोडच्या प्रमुखांनी अडवली. निरीक्षक काळा चालणार नाही म्हणाले. म्हणजे गोष्टीतून गोष्टच काढा. प्रकाशक बिल गेन्स अडून बसले, जाहीर बोभाटा करीन म्हणाले. मग मागणी खाली आली: निदान घामाचे थेंब तरी काढा. गेन्सनी तेही ऐकलं नाही, गोष्ट थेंबांसकट छापली. ईसीचं ते शेवटचं कॉमिक ठरलं.

वंशाची टिंगल करू नका हा नियम, आणि त्याच नियमावलीच्या टेबलावर काळ्या माणसाचा घाम खुपतो. प्रकाशकांनी त्यातून सोपा धडा घेतला. नोकर-विदूषक काढले तर टीका होणार, नायक काढला तर अंक अडणार. त्यापेक्षा त्यांना काढूच नये. पुढची दहा वर्षं सुपरहिरोंची शहरं विलक्षण गोरी दिसतात, रस्त्यावरच्या गर्दीसकट.

१९६६च्या जुलैच्या ‘फँटॅस्टिक फोर’मध्ये ब्लॅक पँथर आला. वकांडा या कधीही कुणाच्या गुलामीत न गेलेल्या, विज्ञानात सगळ्यांच्या पुढं असलेल्या आफ्रिकी देशाचा राजा. कल्पना म्हणून ही उडी मोठीच. पण कर्बीनं आधी काढलेल्या मुखपृष्ठावर त्याचा निम्मा चेहरा उघडा होता, आणि छापलेल्या मुखपृष्ठावर तो पूर्ण झाकलेला आहे. वाचकाला राजाचा रंग कळायचा तर आतली पानं उलटावी लागत. त्याच नावाचा राजकीय पक्ष काही महिन्यांनी, ऑक्टोबरात स्थापन झाला. नावावरून घोळ नको म्हणून १९७२मध्ये मार्व्हलनं थोडा वेळ त्याला ‘ब्लॅक लेपर्ड’ म्हणून पाहिलं. ते काही चाललं नाही.

१९६९मध्ये फाल्कन आला, अमेरिकी कृष्णवर्णीयांतला पहिला मोठा सुपरहिरो. १९७२मध्ये ल्यूक केज, ज्याच्या स्वतःच्या नावानं अंक निघाला असा पहिला. केज पैसे घेऊन काम करायचा, आणि मला तो त्यामुळंच आवडतो. एका अंकात डॉक्टर डूम त्याचे २०० डॉलर बुडवतो. युरोपातल्या एका देशाचा हुकूमशहा, सगळ्या विश्वाला धाक, आणि हा गडी विमान मिळवून त्याच्या राजवाड्यात वसुलीला जातो. इतर हिरो जग वाचवायला जातात, याला भाडं भरायचं असतं. लिहिणारे मात्र गोरेच होते, आणि त्यांच्या कानावर रस्त्यावरची जी भाषा होती ती बरीचशी सिनेमातून आलेली. त्यांच्यात बिली ग्रॅहॅम हा काळा चित्रकार होता. पानावरचा फरक दिसतो.

त्या दशकात एक विनोदी सवय जडली. पँथर ब्लॅक, गोलायथ ब्लॅक, १९७७मध्ये डीसी कंपनीचा लाइटनिंगही ब्लॅक. कुणी व्हाइट सुपरमॅन म्हणत नाही. ब्लॅक लाइटनिंगच्या आधी डीसीत जी कल्पना घोळत होती ती तर भयंकरच होती: काळ्यांचा द्वेष करणारा एक गोरा, जो ताण आला की काळा सुपरहिरो होतो आणि नंतर त्याला काही आठवत नाही. लेखक टोनी इझाबेलानं ती हाणून पाडली, आणि त्या जागी शाळामास्तर असलेला जेफरसन पिअर्स दिला.

एकट्याचं ओझं

इथपर्यंतचा हिशेब असा की चेहरे आले, पण एकेकटे. एकट्याची अडचण ड्वेन मॅकडफी या लेखकानं फार नेमकी मांडली होती. गटात एकच काळा, एकच स्त्री, एकच आशियाई असला, की तो स्वतः उरत नाही. तो सगळ्या जमातीचा वकील होतो. मग त्याला चुकता येत नाही, मूर्खपणा करता येत नाही, आणि चुका न करणारं पात्र कंटाळवाणं असतं. आपल्याकडच्या जुन्या मराठी चित्रपटातला तो एकुलता एक सज्जन मुसलमान चाचा आठवा. शेवटी प्राण देण्यापलीकडं त्याला काही करता येत नसे.

मॅकडफीनं मार्व्हलच्या संपादकांना एक खवचट चिठ्ठीही लिहिली होती. तुमच्याकडच्या काळ्या हिरोंपैकी चौथा हिस्सा स्केटबोर्डवरून फिरतो, तेव्हा मी स्केटबोर्डवाल्या काळ्या पोरांची अख्खी टोळीच देतो, अशा थाटात. नंतर १९९३मध्ये त्यानं डेनिस कॉवन, मायकेल डेव्हिस आणि डेरेक डिंगल यांच्यासह ‘माइलस्टोन’ नावाची कंपनी काढली. त्यांचा डीसीशी झालेला करार समजून घेण्यासारखा आहे. डीसी अंक छापणार आणि दुकानात पोचवणार, त्याचे पैसे घेणार. पात्रांची मालकी आणि गोष्ट ठरवण्याचा हक्क माइलस्टोनकडं. कागद दुसऱ्याचा, पण पेन आणि सातबारा आपला.

एकाच वेळी इतकी काळी पात्रं आली, की त्यांना आपसात भांडता येऊ लागलं. ‘आयकॉन’ बघा. परग्रहावरचा एक जीव १८३९ साली अमेरिकेच्या दक्षिणेत कोसळतो, गुलामीतली एक बाई त्याला उचलून वाढवते, आणि तो दीडशे वर्षांनी श्रीमंत, कर्मठ विचारांचा वकील झालेला असतो. गरीब वस्तीतली रॅकेल नावाची मुलगी त्याला तोंडावर सांगते की तुझ्याकडे एवढी शक्ती आहे आणि तू बंगल्यात बसून आहेस. तो म्हणतो, कष्ट करा, पुढं या. ती म्हणते, आमच्या गल्लीत येऊन बघ. दोघंही काळे, आणि दोघांचं पटत नाही. असा संवाद एकट्या पात्राला कुणाशी करता येणार? ‘स्टॅटिक’मधल्या पोराचं नाव व्हर्जिल हॉकिन्स, तेही फ्लॉरिडात रंगामुळे कायद्याच्या शिक्षणाला प्रवेश नाकारलेल्या खऱ्या माणसावरून.

आणि शाई? माइलस्टोननं अंक हातानं रंगवून घेतले. तोवर कागद आणि छपाई दोन्ही सुधारली होती. नोएल गिडिंग्जच्या हाताखाली तपकिरीचे कितीतरी प्रकार पानावर आले: गव्हाळ, तांबूस, कोळशासारखा गर्द. गेब जोन्स गोरा निघाल्याला तेव्हा तीस वर्षं झाली होती. माइलस्टोनची कॉमिक्स १९९७मध्ये थांबली, पुढं स्टॅटिक टीव्हीवर गेला आणि तिथं कितीतरी मोठ्या प्रेक्षकाला भेटला.

बायकांची गोष्ट याच वळणाची आहे. वंडर वुमन १९४१पासून आहे. हिरोंच्या संघटनेत तिला घेतलं तेव्हा पद दिलं सेक्रेटरीचं. पुरुष मोहिमेवर, ही टपालाजवळ. पण त्याहून जास्त बोलकं उदाहरण १९९४चं. ‘ग्रीन लँटर्न’च्या ५४व्या अंकात नायक घरी येतो आणि त्याच्या प्रेयसीला मारून फ्रिजमध्ये कोंबलेलं त्याला सापडतं. तिचं मरण तिचं नाहीच, त्याला राग यावा म्हणून आहे. गेल सिमोन ही तेव्हा केशकर्तनाचं काम करणारी वाचक होती. तिनं १९९९मध्ये अशा मारल्या गेलेल्या, मोडल्या गेलेल्या स्त्री पात्रांची यादीच केली आणि तिला त्या फ्रिजवरून नाव दिलं. यादी इतकी लांबली की लेखकांना उत्तरं द्यावी लागली.

त्या यादीत बार्बरा गॉर्डन होती, म्हणजे बॅटगर्ल. १९८८मध्ये जोकर तिला गोळी घालतो, मणका जातो, आणि तीही वडलांना छळायला. दुसऱ्या कुणी तिला तिथंच सोडलं असतं. किम येल आणि जॉन ऑस्ट्रँडर या जोडप्यानं तिला चाकाच्या खुर्चीत बसवून ‘ओरॅकल’ केलं. संगणकावर बसून सगळ्या हिरोंना माहिती पुरवणारी, बॅटमॅनलाही जिची गरज पडते अशी. अपंग वाचकांना इतकं धड पात्र क्वचितच मिळालं होतं. पुढं ते लिहायला मिळालं खुद्द सिमोनला. २०११मध्ये डीसीनं सगळं पहिल्यापासून मांडायचं ठरवलं, बार्बरा पुन्हा चालायला लागली, बॅटगर्ल झाली, आणि तेही अंक सिमोननंच लिहिले. चालणारी बॅटगर्ल हवी असणाऱ्या मुली होत्या, आणि खुर्चीतली ओरॅकल गेली म्हणून दुखावलेली माणसंही होती. दोघांचंही म्हणणं मला पटतं, आणि त्यातून मार्ग दिसत नाही.

समलिंगी पात्रांबद्दल एवढंच सांगतो, की कोडनं तो विषय १९५४पासून बंद केला होता. मार्व्हलचा हिरो नॉर्थस्टार १९७९मध्ये जन्मला, त्याला ‘मी समलिंगी आहे’ हे म्हणायला १९९२ उजाडलं, आणि त्याचं लग्न लागलं २०१२मध्ये. तेहेतीस वर्षं. स्थळ मिळायला एवढा उशीर आपल्याकडेही सहसा होत नाही.

दुकानदाराची वही

२०१७च्या मार्चमध्ये मार्व्हलच्या विक्री विभागाचे डेव्हिड गेब्रियल एका मुलाखतीत म्हणाले, की दुकानदारांकडून ऐकू येतंय, लोकांना आणखी वैविध्य नकोय. मागाहून त्यांनी खुलासा केला, पण वाक्य जगभर फिरलं होतं. आजही ‘वैविध्य खपत नाही’ याचा पुरावा म्हणून ते दाखवतात. हे वाक्य समजायला अमेरिकेत कॉमिक कसं विकलं जातं ते कळायला हवं.

पूर्वी अंक पेपरच्या स्टॉलवर मिळत, उरलेले परत जात. १९७०च्या दशकात खास कॉमिक्सची दुकानं आली आणि वेगळी पद्धत रूढ झाली: दुकानदाराला सूट जास्त, पण उरलेला माल परत नाही. मागणी साधारण दोन महिने आधी नोंदवायची, म्हणजे अंक कुणी वाचलेला नसतानाच. आता तुम्ही त्या दुकानदाराच्या जागी बसा. बॅटमॅनची ४० गिऱ्हाइकं ठरलेली आहेत. नव्या, अनोळखी मुलीच्या नावाचा अंक किती घ्याल? दोन? चार? तुमच्या त्या चारांची बेरीज म्हणजे कंपनीच्या लेखी ‘विक्री’. वाचकानं मत द्यायच्या आधीच मोजणी झालेली असते. आणि ती मुलगी ज्यांना वाचायची असते, त्या शाळकरी मुली या दुकानांत पाऊलच टाकत नाहीत. त्या ग्रंथालयातून घेतात, पुस्तकांच्या दुकानातून सहा अंकांचं एकत्र पुस्तक घेतात, मोबाइलवर वाचतात. ते सगळं त्या पहिल्या आकड्यात येत नाही.

२०१७मध्येच ‘ब्लॅक पँथर अँड द क्रू’ बंद होणार ही बातमी आली, तेव्हा त्याचे जेमतेम दोन अंक बाहेर पडले होते. त्याच्या आदल्या वर्षी रोक्सेन गे आणि योना हार्वी वकांडाच्या कथा लिहू लागल्या, आणि मार्व्हलसाठी लिहिणाऱ्या पहिल्या कृष्णवर्णीय स्त्रिया म्हणून त्यांची बातमी झाली. कंपनीचा धंदा १९३९पासूनचा आहे. तीही मालिका सहा अंकांत आटोपली. आणि २०१८च्या फेब्रुवारीत ब्लॅक पँथरचा सिनेमा आला, त्यानं जगभरात १३० कोटी डॉलरच्या वर कमावले. लोकांना काय हवं आणि दुकानदाराच्या वहीत काय उमटतं, यातलं अंतर याहून स्वच्छ कसं दाखवायचं?

वहीला चकवून गेलेली मुलगी म्हणजे कमला खान. २०१४मध्ये तिचा अंक सुरू झाला. जर्सी सिटीत राहणाऱ्या पाकिस्तानी घरातली सोळा वर्षांची पोर. लेखिका जी. विलो विल्सन, चित्रं एड्रियन अल्फोना, आणि संपादकांत सना अमानत, जी स्वतः तशाच घरातली. गोष्ट उघडते ती कोपऱ्यावरच्या दुकानात. कमला काचेमागच्या डुकराच्या मांसाच्या सँडविचजवळ नाक नेऊन नुसता वास घेतेय. खायचं नाही, फक्त हुंगायचं. ज्यांच्या घरात एखादी गोष्ट चालत नाही आणि नाक्यावर तिचा घमघमाट असतो, त्यांना ही चौकट कुणी समजावून द्यावी लागत नाही. आमच्या वर्गातली निम्मी पोरं ऑम्लेटच्या गाडीजवळ याच नजरेनं उभी असायची.

त्या पहिल्या अंकात तिला शक्ती मिळते आणि ती काय होते? सोनेरी केसांची, गोरी, उंच कॅप्टन मार्व्हल. तिच्या डोक्यात हिरो म्हणजे तशी. मग त्या कपड्यात ती अवघडते, केस डोळ्यांवर येतात, बूट लागतात. तिथून पुढं ती हळूहळू स्वतःच्या रूपात परतते. आम्ही सगळे गल्लीत वेताळ होत होतो, त्याची आठवण मला ही पानं वाचताना आली. अंक पुन्हा पुन्हा छापावा लागला, आणि २०१५मध्ये पुस्तकाला विज्ञानकथांसाठीचा ह्यूगो पुरस्कार मिळाला.

कमलानंही ‘मिस मार्व्हल’ हे हिरोचं नाव उसनंच घेतलेलं आहे, ते कॅप्टन मार्व्हलचं जुनं नाव. माइल्स मोरालेस २०११मध्ये आला तो स्पायडरमॅनचा पोशाख घालून. सॅम विल्सन, म्हणजे तोच फाल्कन, कॅप्टन अमेरिका झाला, जेन फॉस्टर थॉर झाली. यावर राग काढणारे विचारतात, यांना स्वतःचे हिरो का देत नाही? प्रश्न रास्त आहे, उत्तर पैशात आहे. नवं नाव दुकानदार उचलत नाही हे एक. दुसरं, या कंपन्यांत पात्र निर्माण करणाऱ्याला मालकी मिळत नाही. सीगल आणि शूस्टर यांनी सुपरमॅनचे हक्क १३० डॉलरना दिले, तेव्हापासून लेखकांची प्रत्येक पिढी ती गोष्ट ऐकत आलीय. ज्याच्याकडं खरोखर नवी, स्वतःची कल्पना आहे तो ती मालकी सोडून कशाला देईल? तो ती स्वतःच्या नावावर दुसरीकडं छापतो, आणि मोठ्या कंपनीला जुन्याच पोशाखात नवा माणूस भरून देतो. मग मूळ हिरो परत आला की पोशाख काढून द्यावा लागतो. माइल्सचं तसं झालं नाही, कारण त्याला वर्षानुवर्षं तोच लेखक मिळाला आणि पुढं सिनेमा मिळाला.

आपल्या वाट्याला आला पवित्र प्रभाकर. २००४मध्ये भारतात तयार झालेला मुंबईचा स्पायडरमॅन, खेड्यातून आलेला, पोशाखाला धोतर, शक्ती देणारा एक योगी. तेव्हा चारच अंक निघाले. २०२३मध्ये तो सिनेमात आला, त्याचं शहर ‘मुंबाटन’, आणि ‘चाय टी’ म्हणणाऱ्या माइल्सला तो सुनावतो की चाय म्हणजेच टी, तू चहा-चहा म्हणतोयस. थिएटरात या वाक्याला जो हशा पिकला त्यात घरच्या माणसाचा हशा होता. सिनेमा मराठीतही आला. मी तो भाचीला आणि आमच्या आबांना, म्हणजे माझ्या मामांना घेऊन पाहिला. भाची घरी येईपर्यंत रिक्षात भिंतीवर चढायचे हातवारे करत होती.

मूळ स्पायडरमॅनच्या पीटर पार्कर या नावावर बेतून ते नाव पाडलंय हे मी आबांना समजावलं. त्यांनी चष्मा पुसला, थोडा विचार केला.

“प्रभाकर हे बापाचं नाव झालं,” ते म्हणाले. “आडनाव काय त्याचं?”